आभाळाला लावलेली तुरटी

एका राज्यात एक रंगारी होता. राजा सोडून रंगाऱ्यापासून सुरुवात का, असे विचाराल. विचारा. राजा आहे, राणी आहे, मांत्रिक आहे, बोलणारे पाखरूही आहे. सगळी आपापल्या वेळेला येतील. पण चूक रंगाऱ्याने केली, म्हणून पहिला मान त्याचा.

त्याचे नाव रखमाजी. सात पिढ्यांची भट्टी, नदीकाठी घर, दारात रंगाचे हौद. बायको लवकर गेली. मागे एकुलती लेक, सगुणा. तिला त्याने सिदू नावाड्याला दिली होती. जावयाचे घर हाकेच्या अंतरावर, म्हणून लेक रोज सकाळी बापाच्या हाताखाली हौद ढवळायला येई. रखमाजीचा रंग असा, की कापड फाटेल पण रंग विटणार नाही. लोक तसे तोंडावर म्हणत आणि हा ऐकून घेई. एकदा ऐकून त्याचे भागत नसे. असो. स्तुती कोणाला कडू लागली आहे?

त्या काळी ढग कोरे असत. दिवसा पांढरे, रात्रीही पांढरेच. सूर्य बुडो की चंद्र उगवो, ढगांना त्याचे काही सोयरसुतक नसे. रोज पहाटे ते डोंगरावरच्या तळ्यावर पाणी प्यायला उतरत आणि पोट भरले की वर जात. गुराख्यांना त्याचे नवल नव्हते. एका काठाला गुरे, दुसऱ्या काठाला ढग, असे चाले.

त्या राज्याचा राजा सुकीर्ती. त्याची राणी शशिप्रभा तीन दिवसांच्या तापाने गेली. राजाने अन्न सोडले. सगळ्या प्रजेने काळी वस्त्रे नेसली, हत्तींवर काळ्या झुली पडल्या. एके दिवशी राजाने वर पाहिले आणि त्याचे डोळे भरून आले.

"सगळे राज्य शोकात आहे," तो म्हणाला. "आभाळ मात्र लग्नाला निघाल्यासारखे पांढरे. हे मला बघवत नाही."

मांत्रिक होताच. त्याने तळ्याभोवती सूत फिरवून पहाटे उतरलेले ढग बांधून ठेवले. मग रखमाजीला बोलावणे गेले.

"ढगांना शोकाचा रंग दे," राजा म्हणाला. "किती दिवस टिकेल?"

"महाराज, रीतीप्रमाणे वर्षभर."

"वर्ष पुरे," राजा म्हणाला.

हे नीट लक्षात ठेवा. राजा 'वर्ष पुरे' म्हणाला होता.

आता ही रीत कोणती, ते सांगतो. लग्नाचे लुगडे असो की लढाईचे निशाण, रंगारी त्याला तुरटी लावी, कारण तुरटी रंगाला कापडात धरून ठेवते. पण शोकाच्या कापडाला तुरटी दाखवायची नाही, असा त्यांच्या आळीचा दंडक होता. घरात मरण झाले की माणसाने काळे नेसायचे, ते कच्च्या रंगाचे. दर धुण्याला ते थोडे उतरायचे. चार महिन्यांनी राखाडी, आठ महिन्यांनी धुरकट, वर्षश्राद्धाला पांढरे. कापड पांढरे झाले की माणसानेही उठावे, कामाला लागावे, गोडाधोडाचे खावे. 'आता पुरे कर' असे कोणी कोणाला म्हणायला नको, ते काम धुण्याच्या दगडाने करावे. किती शहाणी माणसे होती पाहा.

रखमाजीने तळ्याकाठी भट्ट्या पेटवल्या. हिरडा उकळला, लोखंडाचे पाणी घातले, तळेच्या तळे काळे केले. सहा दिवस बापलेक ढग बुडवीत होते. सातव्या दिवशी रखमाजीने कोपऱ्यातले पोते ओढले आणि तोंड सोडले.

"बाबा, ही तुरटी," सगुणा म्हणाली.

"दिसते आहे मला."

"शोकाच्या कापडाला तुरटी लावत नाहीत."

"सगुणे, सात पिढ्यांत एवढे मोठे कापड कोणाच्या हाती आले होते का? आणि पहिल्याच सरीला ते वाहून जायचे? लोक म्हणतील, रखमाजीचा रंग एक पावसाळा तगला नाही."

"शोकाचा रंग उतरला म्हणून रंगाऱ्याला कोणी नावे ठेवत नाही, बाबा."

"तू ढवळ," रखमाजी म्हणाला.

ती ढवळू लागली. शहाण्याला शब्दाचा मार, म्हणतात खरे. पण त्यासाठी समोर शहाणा असावा लागतो ना!

मांत्रिकाने सूत तोडले आणि ढग वर गेले, काळेकुट्ट. राजाला बरे वाटले, रखमाजीला त्याहून बरे वाटले. तीन दिवस तो मान वर करूनच चालला आणि दोनदा ठेचकाळला. मग पाऊस आला. पाणी पडले ते नितळ, रंगाचा एक ओघळ नाही. "वा रे रंगारी!" लोक म्हणाले. तेवढे एकच 'वा' त्याच्या वाट्याला आले.

कारण त्या ढगांखाली कोणाचे दुःख उतरेना. जिची गाय मेली होती ती बाई महिना झाला तरी पहिल्या दिवसासारखी रडत होती. एका म्हाताऱ्याला चाळीस वर्षांपूर्वी गेलेली आई आठवली आणि तो पोरासारखा गडबडा लोळू लागला, तो उठेचना. राजा राणीच्या खोलीच्या उंबऱ्यावर बसला तो बसलाच. शेते तशीच राहिली, चुली थंडावल्या. रीठे झाले, राख झाली, खारी माती झाली. रखमाजीने हाताला लागलेल्या एका चुकार ढगावर सगळे घासून पाहिले. रंग हलला नाही. त्याचा रंग होता तो, हलेल कसा?

तो मांत्रिकाकडे गेला. मांत्रिक म्हणाला, "बांधणे माझे काम. धुणे नव्हे." आणि त्याने दार लावून घेतले.

तिसऱ्या महिन्यात भरदुपारी अंधारून आले असताना सिदू नाव घेऊन निघाला. काठ दिसला नाही. नाव खडकावर गेली. दुसऱ्या दिवशी नाव सापडली, सिदू नाही सापडला. अरेरे, काय सांगू! ज्या बापाने अंधार केला, त्याच्याच लेकीचे कपाळ त्या अंधाराने पुसले.

सगुणा रडायला बसली. त्या ढगांखाली बसली. म्हणजे कशी, ते तुम्हाला कळलेच असेल. खाणे नाही, झोप नाही, आणि बापाला एका शब्दाने दोष नाही. तिने दोष दिला असता तर रखमाजीला जरा सोसले असते. वैद्याने नाडी पाहिली आणि म्हणाला, "हिच्या अंगातले पाणी सरत आले आहे. येती अमावास्या ही बघणार नाही."

अमावास्येला नऊ दिवस होते. रखमाजी हौदाच्या कठड्यावर कपाळ टेकून बसला असताना शेजारी एक पाकोळी येऊन टेकली. पाकोळी हे पाखरू कधी जमिनीला पाय लावत नाही, तिची झोपसुद्धा ढगात होते. तिचे पंख काळे झाले होते.

"रंगाऱ्या, माझे अंथरूण तू नासवलेस," पाकोळी म्हणाली.

"नासवले. उपाय असेल तर सांग."

"आभाळाच्या परटिणीकडे चल. वाट मी दाखवते."

ती पुढे, हा मागे. सात डोंगर ओलांडले. त्यांचे वर्णन करीत बसत नाही. चढताना सगळे डोंगर सारखेच. सातव्याच्या माथ्यावर आभाळाचा काठ होता आणि तिथे एक म्हातारी दगडावर ढग आपटीत होती. आपटून आपटून दगडाला खळगा पडला होता.

"हात दाखव," परटीण म्हणाली. रखमाजीने कोपरापर्यंत काळे झालेले हात पुढे केले. "हेच ते. तीन महिने झाले, माझे खांदे गळून पडायची वेळ आली."

"परटीणबाई, रंग उतरवून द्या. माझी लेक मरते आहे."

"रंगारी चढवतो, परटीण उतरवते. पण तुरटी लावलेले उतरवणे माझ्या बापालाही जमले नसते. पक्क्यावर तीन कच्चे हात द्यावे लागतील. दुपारकडून पांढरा आण, सांजेकडून तांबडा आण, रात्रीकडून काळा आण. तिघी सख्ख्या बहिणी आहेत. मागितलेस तर देतील, पण फुकट देणार नाहीत."

तिने तीन मडकी दिली. रखमाजी निघाला.

दुपार एका उघड्या माळावर बसली होती. माळावर झाड नाही, झुडूप नाही, कशाची सावली म्हणून नाही.

"पांढरा हवा," रखमाजी म्हणाला.

"देते. ढगांना तुरटी कोणी लावली, तेवढे सांग."

"राजाचा हुकूम होता."

दुपारने मडके भरले. रखमाजीने आत पाहिले तर गढूळ पाणी.

"कोणी लावली?"

"लेक ढवळत होती. तिने हात धरायला हवा होता."

मडक्यात चिखल झाला. रखमाजी उन्हात उभा राहिला. तोंड लपवायला तिथे जागा नव्हती.

"मी लावली," तो म्हणाला. "राजा वर्षाला राजी होता. लेकीने मला सांगितले होते. माझे नाव व्हावे म्हणून मी लावली."

मडके काठोकाठ पांढरे झाले. रखमाजी पहिल्यांदा तिथे रडला, आणि तसाच पुढे चालू लागला.

सांज आपल्या अंगणात सडा टाकीत होती. तिने रखमाजीकडे पाहिले.

"तांबड्याबद्दल काय देशील?"

"माझ्याकडे काय आहे?"

"तुझ्या सात पिढ्यांचा तांबडा आहे. तो दे."

अहो, रंगाऱ्याला ह्यापेक्षा डोळे काढून दे म्हटले असते तर बरे. घराण्यातल्या पहिल्या रंगाऱ्याने तो रंग साधला होता. राज्यातल्या प्रत्येक नवरीचे लुगडे त्या हौदातून निघे. झाडाची किती साल, किती पाणी, किती आच, हे बापाने लेकाच्या कानातच सांगायचे. रखमाजीने सांजेच्या कानात ते सांगितले आणि सांगून होताच स्वतः विसरला. पुढे जन्मभर त्याच्या हौदातून कधी तांबडे निघाले नाही, निघे ते विटकरी. थेंबाने गेलेली हौदाने येत नाही, ते असे.

अमावास्येला तीन दिवस उरले होते तेव्हा तो रात्रीच्या घरी पोचला. रात्र ओट्यावर तांदूळ निवडत होती. ती पंधरा दिवस दिवा लावते, पंधरा दिवस लावत नाही. त्या दिवशी दिवा नव्हता.

"काळा देते," रात्र म्हणाली. "पण उतरलेला पक्का रंग जायचा कुठे? पुरलास तर पीक काळे येईल. नदीत सोडलास तर मासे काळे होतील. कोणाच्या तरी अंगावर तो जायला हवा."

"माझ्या येऊ दे."

"सगळ्या राज्याचे दुःख आहे ते. एकदा चढले की उतरणार नाही."

"लेक जगेल?"

"जगेल. पण एक ऐक. दुःख फिके होते तेव्हा ज्याच्यासाठी दुःख होते ते माणूसही थोडे फिके होते. लेकीला विचारून आलास का?"

रखमाजीने मडके पुढे सरकवले.

"पाकोळी निरोप घेऊन जाईल आणि उद्या परत येईल," रात्र म्हणाली. "वेळ आहे. विचार."

वेळ होता. खरोखर होता. पण सगुणा नको म्हणेल, हे त्याला आतून ठाऊक होते. ती म्हणेल, बाबा, मला असेच राहू द्या. मग काय करायचे? म्हणून त्याने विचारलेच नाही. एकदा तिने सांगितलेले ऐकले नव्हते, ह्या वेळी तिला सांगूच दिले नाही. बाप असाच असतो म्हणावे, की हा माणूसच असा होता म्हणावे? माझे मलाही अजून ठरवता आलेले नाही.

"काळा भरून दे," तो म्हणाला.

परटिणीने बाह्या सारल्या. पांढऱ्याचा एक हात दिला, तांबड्याचा एक हात दिला, काळ्याचा एक हात दिला, आणि ढग दगडावर असे आपटले की सातही डोंगर हलले. पक्का काळा सुटला. तो दगडावरून वाहत आला, रखमाजीच्या पायांवरून चढला, छातीशी आला, गळ्याशी आला आणि आत जिरला. गाय मेलेली बाई, आईसाठी लोळणारा म्हातारा, उंबऱ्यावरचा राजा, सगळ्यांचे रडणे त्याच्या एकट्याच्या छातीत आले. तो खाली बसला. परटिणीने त्याला पाणी पाजले.

"आता ह्यांना ना खळ उरली ना तुरटी," ती ढगांकडे पाहून म्हणाली. "आता हे ज्या बहिणीच्या दारावरून जातील तिचा रंग घेतील आणि पुढच्या दाराशी सोडतील."

तेव्हापासून तसेच चालले आहे. दुपारी ढग पांढरे, सांजेला तांबडे, रात्री काळे. रात्रीने दिवा लावलेला असला तर कडा उजळतात. पाऊस घेऊन निघालेला एखादा भरदुपारी काळा दिसतो, तो रात्रीच्या घरून घाईने निघालेला असतो, रंग सोडायलाही थांबलेला नसतो. कोणताच रंग त्यांच्यावर टिकत नाही. आता टिकावा असे कोणाला वाटतही नाही.

रखमाजी घरी पोचला तेव्हा सगुणा भिंतीला टेकून बसली होती. डोळे कोरडे होते.

"बाबा, भाकरी आहे का?" तिने विचारले.

त्याने स्वतः थापून दिली. ती दीड भाकरी जेवली.

राज्य मार्गी लागले. शेते नांगरली गेली, चुली पेटल्या. राजा उंबऱ्यावरून उठला, वर्षश्राद्धाला त्याने पांढरे नेसले, आणि दोन वर्षांनी शेजारच्या राज्यातली राणी करून आणली. चांगली होती तीही. गाय मेलेल्या बाईने नवी कालवड घेतली. सगळे रीतीने झाले.

फक्त एक गोष्ट कोणाला ठाऊक नव्हती, ती हळूहळू कळू लागली. पक्का रंग विटत नाही. रखमाजीच्या छातीत जे जे होते ते जसेच्या तसे होते. लोक त्याच्या दाराशी यायला लागले. म्हातारा आला आणि म्हणाला, "माझी आई मला कोणत्या नावाने हाक मारी, सांगशील का?" रखमाजीने सांगितले. एकदा राजा आला, एकटाच, पायी.

"शशिप्रभा रागावली की काय म्हणे?" राजाने विचारले.

"महाराज, त्या काही म्हणत नसत. पाठमोऱ्या बसून केस विंचरीत."

"खरेच," राजा म्हणाला. बराच वेळ बसला आणि उठून गेला.

सगुणाचा पुढे पाट लागला. नवरा कुंभार, सालस माणूस. तिला एक मुलगी झाली. सणावाराला ती बापाकडे येई, हौद घासून देई, जाताना पाया पडे. पाच वर्षे तिने काही विचारले नाही. मग एकदा दुपारी आली, आणि आत न येता दारातच उभी राहिली.

"बाबा, एक विचारू?"

"विचार, बाय."

"ते हसायचे कसे?"

कोणाबद्दल विचारते आहे, हे त्याला सांगावे लागले नाही. नवऱ्याचे नाव तिने तेव्हाही कधी घेतले नव्हते.

"चेहरा आठवतो मला," ती म्हणाली. "नावेत उभे राहायचे तेही आठवते. पण काल पोर हसली, आणि मला वाटले, त्यांचे हसणे आठवून बघावे. नाही आठवले. रात्रभर प्रयत्न केला."

"जावईबापू आधी नाकातून वारा सोडायचे," रखमाजी म्हणाला. "मग मान मागे टाकायचे, मग आवाज यायचा. हसून झाले की एकदा 'हं' म्हणायचे."

सगुणाने डोळे मिटून ऐकले.

"असेल," ती म्हणाली.

रखमाजीने मान खाली घातली.

"तुम्ही मला विचारायला हवे होते, बाबा."

"हो."

"मी नको म्हटले असते."

"ठाऊक होते. म्हणून विचारले नाही."

"मी मेले असते."

"हो."

ती उंबऱ्यावर बसली. चूक कोणाची आणि बरोबर कोणाचे, हे दोघांनाही ठाऊक होते आणि त्याचा दोघांनाही काही उपयोग नव्हता.

"हसून दाखवा," सगुणा म्हणाली.

"मी?"

"तुम्हालाच येते आहे आता."

साऱ्या राज्याचे रडणे ज्याच्या छातीत होते तो माणूस उठून उभा राहिला. पाच वर्षांत त्याच्या ओठांवर हसू आले नव्हते. त्याने नाकातून वारा सोडला, मान मागे टाकली आणि बुडालेल्या जावयासारखा मोठ्याने हसला. हसून झाल्यावर म्हणाला, "हं."

सगुणाने तोंडाला पदर लावला होता. जरा वेळाने तिने तो काढला.

"बाबा," ती म्हणाली, "आणखी एकदा."